कॉलर डब्यात ठेवणारे पाळकसाहेब

सांगलीत माधवनगर रस्त्याला माझं टायपिंग आणि बाइंडिंगचं दुकान आहे. तिथं माणसं बहुधा दोनच कारणांनी येतात. एकतर घरात लग्न ठरलेलं असतं, नाहीतर प्रबंध सादर करायची तारीख उलटून गेलेली असते. पहिली माणसं खुशीत असतात, दुसरी रडकुंडीला आलेली. पाळकसाहेब ह्या दोन्हींत बसत नव्हते. पंचाहत्तरीचा माणूस, पांढरा हाफ शर्ट, भर उन्हाळ्यात पायांत पावसाळी सँडल आणि हातात तीन खणांचा स्टीलचा डबा. त्यांनी डब्याचा वरचा खण उघडला तेव्हा मला वाटलं, आता हे माझ्या टेबलावर चटणी-भाकरी मांडणार. आत पाद्री लोक गळ्यात घालतात ती पांढरी कॉलर होती, रुमालात गुंडाळलेली. मधल्या खणात चष्मा आणि पेनं. भाकरी सगळ्यात खाली.

"बॅगेत चुरगाळती," ते कॉलरकडे बोट दाखवून म्हणाले.

"बसा फादर," मी म्हणालो.

"फादर रोमन लोकांत असत्यात. मी लगीन केलेला माणूस हाय. पाळक म्हणा."

मग पिशवीतून त्यांनी हातानं लिहिलेली तीसेक पानं काढली. हे सगळं टाइप करून हवं होतं. राहायला ते साताऱ्याला, पोवई नाक्याजवळ एका खोलीत. टायपिंगसाठी सांगलीपर्यंत का आलात, असं विचारल्यावर म्हणाले की साताऱ्यातली दोन दुकानं झाली, दोन्हीकडची माणसं लय हुशार निघाली. ह्याचा अर्थ मला आठवड्यानं कळला. पानांवर येशूच्या गोष्टी होत्या, पण भाषा आमच्या पलूसच्या बाजारात ऐकू येते ती. हाय, न्हाई, कवा, तवा. मला वाटलं, म्हातारा माणूस आहे, शिक्षण बेताचं असेल. मी आपला भला माणूस. एक पैसा जास्त न घेता सगळं शुद्ध करून ठेवलं.

त्यांनी पहिलं पान वाचलं, दुसरं वाचलं, चष्मा काढला आणि आकाशवाणीच्या निवेदकासारख्या मराठीत मला म्हणाले, "आपण माझ्या हस्तलिखितावर जे उपकार केले आहेत, ते कृपा करून परत घ्यावेत."

त्या दिवशी मला त्यांच्या स्वभावाची किल्ली सापडली. एरवी हा माणूस कलेक्टरशीसुद्धा गावच्या बोलीत बोलायचा. शुद्ध मराठी फक्त रागासाठी राखून ठेवलेली होती. पुढच्या आठ वर्षांत त्यांनी माझ्याशी 'आहे' हा शब्द काढला की मी मुकाट्यानं कीबोर्डवरचे हात उचलत असे.

त्यांची कहाणी त्यांनी कधी सलग सांगितली नाही. तुकड्यातुकड्यानं कळली. कऱ्हाडपलीकडच्या एका वाडीत जन्म, मिशनच्या बोर्डिंगात शिक्षण, मग सातारा-सांगलीकडच्या लहान-मोठ्या चर्चमध्ये पस्तीस-एक वर्षं पाळक. बायको निवृत्तीच्या आधीच गेली. मूलबाळ नाही. चारही शुभवर्तमानं, म्हणजे बायबलातली येशूची चरित्रं, इथल्या बोलीत उतरवायची, एवढं एकच काम डोक्यात घेऊन ते खोलीत बसले होते, आणि माझ्याकडं आले तेव्हा त्याला तीन वर्षं झाली होती.

असं का करावंसं वाटलं, हे मी एकदाच विचारलं. तेव्हा त्यांनी आईचं सांगितलं. आई निरक्षर. दर रविवारी पहिल्या बाकावर. मुलगा पाळक झाला तेव्हापासून त्याचं प्रत्येक प्रवचन ऐकलेली. शेवटच्या आजारपणात हे तिच्या उशाशी बसून शास्त्र वाचत होते. वाचून झालं, आमेन झालं, आणि तिनं विचारलं, "चांगलंच हाय रं. पर त्यात नेमकं काय लिवलंय?"

"वीस वर्सं मी तिच्यासमोर बोलत हुतो," पाळकसाहेब म्हणाले. ते हसले नाहीत आणि मीही हसलो नाही. माझी अम्मी मागं घराच्या दारात लसूण सोलत होती, तिचाही हात थांबला.

त्यांचा एक आवडता माणूस होता. आयर्लंडमधला, काही शतकांपूर्वीचा एक पाद्री. बोर्डिंगात एका म्हाताऱ्या मिशनरी मास्तरांनी त्यांना त्याची गोष्ट सांगितली होती. चर्चचा सगळा कारभार इंग्रजीत, लोकांची भाषा आयरिश, आणि ह्या माणसानं शास्त्र आयरिशमध्ये आणायचं काम हातात घेतलं. वरच्या लोकांना ते फारसं रुचलं नाही. त्याच्या हयातीत ते पुरंही झालं नाही, मागून आलेल्यांनी पुरं केलं. पाळकसाहेब त्याच्याबद्दल असं बोलायचे, जणू तो कोरेगावच्या चर्चला बदलून गेलेला सहकारी आहे. नाव मात्र त्यांना धड उच्चारता येत नसे. "त्यो आमचा आयरिश गडी," एवढंच म्हणायचे. कधी काम अडलं की म्हणत, "त्यो गडी बी असाच अडला आसंल."

आता त्यांच्या हातून झालेल्या एका घोळाबद्दल. त्यांची मूळ पद्धत अशी की एखादा भाग लिहून झाला की एसटीनं गावोगाव जायचं आणि लोकांना वाचून दाखवायचा. ऐकणाऱ्याला विचारायचं, "कळलं का?" कळलं म्हणाला की वहीत त्या भागापुढं बरोबरची खूण. एसटीत म्हाताऱ्यांना अर्धंच तिकीट, त्यामुळे हा उद्योग आणखी वाढला. वह्यांमागून वह्या खुणांनी भरल्या. एका माणसानंही कधी नाही म्हटलं नव्हतं. ह्याचा त्यांना फार अभिमान होता, आणि मला तो पहिल्यापासून संशयास्पद वाटत होता, कारण आमच्या धंद्यात प्रूफ बघून 'एकही चूक नाही' म्हणणारा माणूस प्रूफ न वाचता देतो.

एके दिवशी ते दुकानात बसून हरवलेल्या मेंढराची गोष्ट मला वाचून दाखवत होते. शंभर मेंढरं, त्यातलं एक हरवतं, मेंढका नव्याण्णव रानात सोडून त्या एकाला शोधायला जातो. दुकानाच्या मागंच आमचं घर. मधल्या दारात अम्मी बसलेली. तिचं माहेर पलूसजवळ, पिंजाऱ्याचं घर. बाप गावोगाव गाद्या भरत फिरायचा आणि ही घरची शेरडं राखायची. वाचून झाल्यावर पाळकसाहेबांनी सवयीनं तिलाही विचारलं, "कळलं का आपा?"

"न्हाई कळलं," अम्मी म्हणाली.

त्यांनी मान वर केली. हे उत्तर त्यांनी कधी ऐकलंच नव्हतं.

"आवं पाद्रीबाबा, नव्याण्णव कुणाच्या राखणीला ठिवली? एकापायी बाकीची लांडग्याला द्याची का काय?"

त्यांनी कागद मिटून पिशवीत घातले. मग उठले आणि मला म्हणाले, "भाई, गाडी काढा." हीच गोष्ट त्यांनी ज्या धनगराला पूर्वी वाचून दाखवली होती, त्याचा कळप त्या वेळी पलूसच्या अलीकडं एका शेतात खतासाठी बसवलेला होता. आम्ही स्कूटरवरनं गेलो. त्या दिवशी उकाडा फार होता, म्हणून कॉलर डब्यातच होती. धनगरानं आधी त्यांना ओळखलंच नाही. गोष्ट वाचून गेलेले पाळक हेच, असं मी सांगितल्यावर पाळकसाहेबांनी त्याला अम्मीचा प्रश्न विचारला.

"मला बी तवाच वाटलं व्हतं तसं," धनगर म्हणाला.

"मग बोलला का न्हाईस?"

"गळ्यात ते पांढरं व्हतं तुमच्या. देवाच्या माणसाला न्हाई कसं म्हणायचं?"

ते तिथंच बांधावर खाली बसले. दोन-तीन वर्षं, सगळी गावं, सगळ्या वह्या. लोकांनी गोष्टीला होय म्हटलंच नव्हतं, कॉलरला म्हटलं होतं. मला त्यांची दया आली आणि खोटं कशाला बोला, थोडं बरंही वाटलं. धनगर मात्र विचारात पडला होता. त्याच्या डोक्यातून तो गोष्टीतला मेंढका जाईना. शेवटी म्हणाला, "एकतर त्यो येडा आसंल. न्हाईतर ते कोकरू त्येच्या लय जिवाचं आसंल."

"हेच सांगायचं हाय त्यात," पाळकसाहेब म्हणाले, आणि त्यांचा चेहरा एकदम उजळला.

दुसऱ्या दिवशी त्यांनी सगळ्या खुणा खोडल्या. एकेक वही उघडून, एकेक खूण, लाल पेनानं. मी म्हटलं, पानावर एक मोठी फुली मारा आणि मोकळे व्हा. म्हणाले, "एकेक करून दिल्या हुत्या, एकेक करूनच काढतो." तेव्हापासून वाचताना कॉलर डब्यात, आणि 'कळलं का' हा प्रश्न बंद. त्याऐवजी नवी पद्धत निघाली. आज ऐकायचं आणि उद्या आपल्या शब्दांत सांगायचं. ऐकणाऱ्याला दुसऱ्या दिवशी जे सांगता येईल तेवढंच पक्कं, बाकी कच्चं.

अम्मी त्यांची पहिली परीक्षक झाली. संध्याकाळी ते साताऱ्याहून फोनवर वाचून दाखवायचे, सकाळी नऊच्या सुमाराला पुन्हा फोन यायचा, मी स्पीकर लावून द्यायचो. "हां आपा, कालचं सांगा बघू." अम्मी सांगायची आणि पलीकडं पेन कागदावर चाललेलं ऐकू यायचं. तिचा शब्द आपल्या शब्दापेक्षा सोपा निघाला की ते आपला खोडून तिचा घालत. तिनं गोष्टच बदलली तर मात्र भांडत. मेंढराच्या गोष्टीत अम्मीनं सांगितलं की कोकरू सापडल्यावर मेंढक्यानं आधी त्याला दोन चापट्या दिल्या आणि मग खांद्यावर घेतलं.

"तसं लिवलेलं न्हाई आपा."

"लिवलं नसंल. पर दिल्या आसणार."

त्या दिवशी फोनवर ते इतके हसले की त्यांना खोकला लागला. पुढं कित्येक दिवस मला विचारायचे, "भाई, चापट्या घालू काय?"

मोहल्ल्यातल्या एका जाणत्या गृहस्थांनी मला बाजूला घेऊन विचारलं की तो पाद्री तुझ्या आईला काय शिकवतो.  अम्मी दुपारची, जुहरची नमाज आटोपून बाहेर आली होती. तिनं ऐकलं आणि म्हणाली, "त्यो मला काय शिकिवतोय? मीच त्येला बोलाया शिकिवतीया." हे पाळकसाहेबांना इतकं आवडलं की त्यांनी ते एका प्रवचनात सांगितलं. मग त्यांच्याकडच्या एका गृहस्थांनी त्यांना बाजूला घेतलं.

हे सगळं असंच आनंदात चाललं असतं. पण पाळकसाहेबांना पुस्तक कपाटात नको होतं. त्यांना ते चर्चमध्ये, रविवारी, वाचपीठावरून वाचलं जायला हवं होतं. घरी काय कुणीही काहीही वाचतो, पण वाचपीठावरून वाचलं की ते शास्त्र होतं, असं ते म्हणायचे. आणि त्याला चर्चच्या कमिटीची परवानगी लागत होती.

कमिटीचे सेक्रेटरी म्हणजे एक निवृत्त मुख्याध्यापक. कडक इस्त्रीचे कपडे, खिशाला दोन पेनं, आणि बोलणं असं की स्वल्पविरामसुद्धा ऐकू यावा. दोनदा त्यांनी अर्ज परत पाठवला होता. तिसऱ्या वेळी पाळकसाहेब मला बैठकीला घेऊन गेले, कारण सगळा मजकूर माझ्या पेन ड्राइव्हवर होता. मी दाराजवळच्या खुर्चीत बसलो. सेक्रेटरी एक खवट म्हातारा असेल आणि मला त्याचा सरळ राग येईल, अशी माझी तयारी होती. पण ते बोलायला लागले आणि माझी पंचाईत झाली.

"पाळकसाहेब, माझे वडील पलूसकडच्या एका खेड्यातले," ते म्हणाले. "कचेरीत गेले की तोंड उघडायच्या आधी मान खाली घालायचे, कारण तोंड उघडलं की लोक हसायचे. मला त्यांनी शाळेत घातलं ते ह्या बोलीतून बाहेर काढायला. चर्चच्या शाळेनं आपल्याला चारचौघांत बोलण्याजोगी भाषा दिली. आणि तुम्ही आता देवाच्या तोंडी तीच बोली घालता, जिला लोक हसतात. उद्या म्हणतील, ह्यांना धड मराठीही येत नाही."

 खरं सांगायचं तर मलाही ते पटलं होतं. मी स्वतः दुकानात गिऱ्हाइकाशी एक भाषा बोलतो आणि घरात दुसरी.

पाळकसाहेबांनी वाद घातला नाही. म्हणाले, "एक डाव वाचू द्या. कापणीच्या सणाला, पलूसच्या बाजूच्या एका लहान चर्चमधी. एकच भाग. मग कमिटी न्हाई म्हणाली, तर सगळी कागदं आणि भाईंचा त्यो पेन ड्राइव्ह तुमच्या कपाटात. मी परत इषय काढणार न्हाई. लिहून देतो."

आणि खरंच तिथं बसून लिहून दिलं. मी खुर्चीतून अर्धा उठलो होतो. तोवर अकरा वर्षं झाली होती त्या कामाला, त्यातली आठ माझ्या डोळ्यांसमोर. सेक्रेटरींनी कागद वाचला, घडी केली, खिशात ठेवला आणि म्हणाले, "कोणता भाग वाचणार, तेवढं कळवा. तुम्ही तयारी करून या."

"मी न्हाई वाचणार," पाळकसाहेब म्हणाले. "तुमी वाचायचं."

बाहेर आल्यावर मी त्यांच्यावर ओरडलो. आयुष्यात पहिल्यांदाच. ज्या माणसाला हे काम बुडालेलं हवं आहे त्याच्याच हातात नेऊन दिलंत, असं काहीतरी बोललो. ते शांतपणे डब्यातली कॉलर बघत होते, घडी मोडली की काय म्हणून.

"मी वाचलं तर माजी माणसं मान डोलावतील. तुमी वाचलं तर तुमाला बी बरं म्हणतील, पावणा म्हणून. ह्या माणसाला हे आवडत न्हाई. त्येनं वाचून जर कुणाला कळलं, तर कळलं म्हणायचं."

एवढा भरवसा मी कुणाचा कशावर पाहिलेला नाही. मला रात्री नीट झोप लागायची नाही आणि हा माणूस मजेत होता.

भाग त्यांनी द्राक्षवेलीचा निवडला. त्या बाजूचं सगळं चर्च द्राक्षबागाईतदारांचं, आणि येशू सांगतो की मी वेल आहे आणि तुम्ही फांद्या. ह्या भागासाठी त्यांनी एका बागाईतदाराच्या बांधावर चार फेऱ्या मारल्या होत्या. आधी त्यांनी लिहिलं होतं की बाप फळ देणारी फांदी साफ करतो. बागाईतदारानं विचारलं, "साफ म्हंजे? छाटणी का? मग कुठली? एप्रिलची का ऑक्टोबरची?" एप्रिलमध्ये वेल खरडून काढतात, घड धरणारी काडी तयार व्हावी म्हणून; ऑक्टोबरात घडासाठी छाटतात. पाळकसाहेबांना शास्त्र तोंडपाठ, पण हे त्यांना कुणी शिकवलं नव्हतं. बागाईतदार म्हणाला, "फळासाठी म्हंता ना, मग ऑक्टोबरचीच. आणि एक ध्यानात घ्या, कातर चांगल्या बागंलाच लागती. वाळल्या बागंत कोण कातर घिऊन जातंय?" ते येताना स्कूटरवर मागं बसून हे वाक्य सारखं म्हणत होते. एवढी वर्षं आपण छाटणी म्हणजे शिक्षा समजत होतो, असं म्हणाले.

कापणीचा सण दिवाळीनंतरच्या एका रविवारी होता. पत्र्याचं लहानसं चर्च. वाचपीठासमोर बाजरीची कणसं, शेंगांची पाटी, दोन भोपळे, पाय बांधलेली एक कोंबडी. बागांची छाटणी नुकती उरकलेली, त्यामुळे बाकांवर बसलेल्या माणसांच्या बोटांना अजून चिकटपट्ट्या होत्या. पाळकसाहेब कॉलर न घालता शेवटच्या बाकावर माझ्याशेजारी बसले. मी त्यांच्या चर्चमध्ये पहिल्यांदाच आलो होतो. टोपी घालायची की काढायची हे मला ठरवता येत नव्हतं.

सेक्रेटरी कोट घालून आले होते. त्यांनी माझ्याकडचे छापील कागद वाचपीठावर ठेवले आणि वाचायला सुरुवात केली.  कागदावर होतं, 'मी खरी वेल हाय. माजा बा बागाईतदार हाय.' त्यांनी वाचलं, "मी खरी वेल आहे. माझे पिता बागाईतदार आहेत." सगळं शुद्ध करत चालले होते, पहिल्या दिवशी मी केलं होतं अगदी तसंच. मी पाळकसाहेबांकडं पाहिलं. त्यांनी डोळे मिटून घेतले होते. बाकांवर सगळ्या माना अदबीनं खाली होत्या, आणि मला माहीत होतं की त्या मानांच्या आत काहीही पोचत नाही. अकरा वर्षांचं काम एका कपाटात जाताना मला दिसत होतं.

पण पुढं पुढं शुद्ध करणं अवघड व्हायला लागलं. काडीला बागाईतदारांत दुसरा शब्द नव्हता. घडाला नव्हता. सेक्रेटरींचा वेग कमी झाला. 'जी काडी वेलीवर ऱ्हात न्हाई ती वाळून जाती. मग लोक वाळल्या काड्या गोळा करत्यात आणि जाळून टाकत्यात.' हे वाक्य त्यांनी जवळजवळ लिहिलं होतं तसंच वाचलं.

तिसऱ्या बाकावरून एक म्हातारा मोठ्यानं म्हणाला, "आता कोण जाळतंय? कुट्टी करत्यात, यंत्रानं."

आणि चर्च हसलं. बायकांची बाजूसुद्धा.

सेक्रेटरी थांबले. त्यांचा पडलेला चेहरा मला इतक्या लांबूनही दिसला. हेच तर ते म्हणत होते, लोक हसतील. लोक हसले होते. कागद मिटून खाली उतरायला आता त्यांना काहीच हरकत नव्हती. पाळकसाहेबांनी डोळे उघडले होते. ते सेक्रेटरींकडं बघत नव्हते, त्या म्हाताऱ्याकडं बघत होते, मान पुढं काढून, त्याच्या तोंडचं आणखी काही ऐकायला मिळतंय का म्हणून.

सेक्रेटरींनी चष्मा वर सारला.

"तात्या, आमच्या बानं जाळल्याच की," ते म्हणाले. "तुमी बी व्हता. चिंचंखाली. मी पाणी घिऊन हुबा व्हतो, ठिणगी उडंल म्हणून."

"व्हय, तवा जाळायचो," तात्या म्हणाले. "तवा कुठलं यंत्र."

कुणी हसलं नाही. मला वाटतं, आपण काय बोललो ते सेक्रेटरींना बोलून झाल्यावर ऐकू आलं.  दोन्ही हात वाचपीठावर, नजर कागदावर. मग त्यांनी कागद पुन्हा पहिल्या ओळीवर आणला.

"परत वाचतो," ते म्हणाले. "मी खरी वेल हाय. माजा बा बागाईतदार हाय."

ह्या वेळी त्यांनी एकही शब्द बदलला नाही. बदलावा लागलाही नाही. तो आवाज मुख्याध्यापकांचा नव्हता, कचेरीच्या दारात मान खाली घालून उभ्या राहिलेल्या कुणाच्या तरी घरातला होता, आणि तो मान वर करून बोलत होता. बाकांवरच्या मानाही वर आल्या होत्या. छाटणीचं वाक्य आलं तेव्हा चिकटपट्टी लावलेल्या एका माणसानं शेजारच्याला कोपरानं ढोसलं. मला रडू येत होतं आणि ते मी लपवलं नाही.

ठरलेला भाग संपला. कमिटीनं परवानगी दिली होती ती एवढ्याचीच. आता ते आमेन म्हणून खाली येतील म्हणून मी डोळे पुसले, तेवढ्यात सेक्रेटरींनी अंगठा ओला करून पान उलटलं आणि पुढं वाचायला लागले.

पाळकसाहेबांनी माझं मनगट घट्ट धरलं. पहिल्यांदाच मी त्यांना घाबरलेलं पाहिलं.

"भाई, थांबवा त्येला. पुढचं पान अजून कच्चं हाय, कुणाला वाचून दाखवलेलं न्हाई."

मी जागचा हललो नाही. त्यांनी एकदा माझ्याकडं पाहिलं, एकदा वाचपीठाकडं. मग मनगट सोडलं, खिशातून पेन काढलं, आणि लोक कुठल्या शब्दाला मान वर करतायत ते तळहातावर लिहून घ्यायला लागले.